घरात न सांगितलेला आकडा

मार्गशीर्षात दिंडोरीला एका वास्तुशांतीला गेलो होतो. नाशिकहून वणीकडे जाणाऱ्या रस्त्यापासून थोडं आत, बिनशेती झालेल्या प्लॉटवर बांधलेलं नवं घर. दाराला झेंडूचं तोरण, ओट्यावर अजून सिमेंटचा वास. पंगती उठल्या, पाहुणे पांगले आणि घराचा मालक, माझा जुना विद्यार्थी, निळी फाईल घेऊन माझ्याशेजारी येऊन बसला. "सर, कर्जाचे कागद आहेत. एकदा नजर टाका, सगळं बरोबर आहे ना?"

तो जवळच्या एका कारखान्यात नोकरी करतो. वडिलांच्या नावावर तीन एकर द्राक्षबाग आहे. कर्ज पंचवीस लाखांचं, दर साडेआठ टक्के, मुदत वीस वर्षं. फाईलच्या शेवटी हप्त्यांचा तक्ता जोडलेला होता, बारीक टायपात, दोनशे चाळीस ओळींचा. त्याची बायको चहा घेऊन आली. मी तक्त्याच्या तळाची बेरीज वाचत होतो आणि वाचता वाचता ती मोठ्यानं वाचली गेली: बावन्न लाख सात हजार.

तिच्या हातातला ट्रे तसाच राहिला. "पण काका, कर्ज तर पंचवीसच लाखांचं काढलंय ना?"

तिनं सहकर्जदार म्हणून चौदा ठिकाणी सह्या केल्या होत्या. कुणी तिच्यापासून काही लपवलं नव्हतं. नवऱ्यानं तिला हप्ता सांगितला होता, २१,६९६ रुपये, आणि तो पगारातून निघतो का याचा हिशेब दोघांनी मिळून केला होता. बेरीज मात्र घरात कुणीच उच्चारली नव्हती. खरं तर त्यानं स्वतःही ती पाहिली नव्हती.

या आठवड्यात मला त्या न उच्चारलेल्या आकड्याबद्दल लिहायचं आहे.

आधी हिशेब नीट पाहू, कारण तो पाहिल्याशिवाय पुढचं बोलणं पोकळ ठरेल. पहिल्या महिन्याच्या २१,६९६ रुपयांपैकी १७,७०८ रुपये व्याजात जातात. मुद्दल फिटतं ३,९८८ रुपये. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरला, म्हणजे तेरा लाख रुपये बँकेत गेले, तरी बाकी उरते बावीस लाख. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावं वर्ष संपत यावं लागतं. आणि निम्मं मुद्दल फिटायला लागतात जवळजवळ चौदा वर्षं. यात कुणी फसवत नाही. शिल्लक मुद्दलावर व्याज लागतं, सुरुवातीला मुद्दल मोठं असतं म्हणून व्याज मोठं असतं, एवढंच गणित आहे. पण ते समजून सही करणं वेगळं आणि न समजता करणं वेगळं.

आता मुदतीचं पाहा. हेच पंचवीस लाख तीस वर्षांसाठी घेतले तर हप्ता १९,२२३ रुपयांवर येतो. महिन्याला सुमारे अडीच हजारांचा दिलासा. त्या दिलाशाची किंमत सतरा लाख रुपये जास्तीचं व्याज. उलट पंधरा वर्षांत फेडायचं ठरवलं तर हप्ता २४,६१९ होतो, म्हणजे महिन्याला तीन हजारांच्या आत ओढ वाढते आणि पावणेआठ लाख वाचतात. कर्ज देणारा आपल्याला विचारतो, "हप्ता किती झेपेल?" आपणही तेवढंच विचारतो. मग हप्ता झेपेल इतका बारीक करण्यासाठी वर्षं वाढवली जातात. ती वर्षं कुणाची, हे त्या टेबलावर कुणी विचारत नाही.

दिंडोरीसारख्या तालुक्यात हा प्रश्न शहरापेक्षा वेगळा आहे. इथल्या घरांना कर्ज नवं नाही. सोसायटीचं पीककर्ज, सातबाऱ्यावर चढलेला बोजा, मार्चअखेरीचं नवं-जुनं, हे शब्द इथल्या पोरांच्या कानावर लहानपणापासून पडतात. पण ते कर्ज हंगामाच्या मापाचं असतं. तीन लाखांपर्यंतचं पीककर्ज वेळेत फेडलं तर डॉ. पंजाबराव देशमुख व्याज सवलत योजनेमुळं शेतकऱ्याला व्याजही पडत नाही. त्यामुळं कर्ज म्हणजे यंदा उचललं, पुढच्या वर्षी फिरवलं, अशी मनाची घडण झालेली असते. त्याच मनानं माणूस गृहकर्जाच्या फाईलवर सही करतो.

आणि पैसा येण्याची तऱ्हा? ऑक्टोबरात फळछाटणी, मग थंडी, दव, अवकाळीची धास्ती, आणि फेब्रुवारी-मार्चला माल निघाला की पैसा. तोही व्यापाऱ्यानं वेळेवर दिला तर. हप्ता मात्र दर महिन्याच्या पाच तारखेला कापला जातो. तीन महिने हप्ता थकला की खातं अनुत्पादित ठरतं, आणि त्यानंतर २००२ च्या सरफेसी कायद्याखाली साठ दिवसांची नोटीस येऊ शकते. या कायद्यात शेतजमिनीला सूट आहे. बिनशेती प्लॉटवरच्या घराला नाही. बाग सुरक्षित आणि घर उघड्यावर, अशी ही उलटी स्थिती अनेकांच्या लक्षातच आलेली नसते. गावठाणातल्या घरांना आजवर नीट कागदच नव्हता, म्हणून त्यांच्यावर कर्जही मिळत नव्हतं. आता स्वामित्व योजनेतून प्रॉपर्टी कार्ड हाती येऊ लागलं आहे. तो मालकीचा मोठा आधार आहे. पण ज्या कागदानं घर आपलं ठरतं, त्याच कागदानं ते गहाणही पडतं.

त्या संध्याकाळी कोपऱ्यातल्या खुर्चीत मुलाचे वडील बसले होते. इतका वेळ गप्प होते. त्यांनी विचारलं, "वीस वर्षं म्हणता?" मग बोटांवर काहीतरी मोजलं. "तोवर ही बाग एकदा तरी काढून नव्यानं लावावी लागंल." ते पुढं काही बोलले नाहीत. कर्ज वेलीपेक्षा जास्त जगणार आहे, हे ज्यानं ती वेल लावली त्यालाच आधी कळलं.

मला राहून राहून तुकोबांची एक कथा आठवत होती. देहूच्या या घराण्यात सावकारी होती. परंपरा सांगते की तुकोबांनी लोकांकडून येणं असलेल्या कर्जाची खतं इंद्रायणीत बुडवली. ही गोष्ट सगळ्यांना माहीत असते. तिच्यातला एक बारकावा मात्र सांगताना गळून जातो. त्यांनी खतांची आधी वाटणी केली. धाकट्या भावाचा, कान्होबाचा, निम्मा वाटा त्याला दिला आणि फक्त आपला वाटा बुडवला. इतकं मोठं पाऊल उचलतानाही भावाच्या वाट्याचा निर्णय त्यांनी आपल्या हातात घेतला नाही. मला त्या कथेतली सर्वांत थोर गोष्ट ही वाटते.

आपण नेमकं उलटं करतो. घरातला एक माणूस ठरवतो आणि बाकीच्यांची वर्षं त्यात गुंततात. बायकोची सही लागते, तिचं मत लागतंच असं नाही. आईवडिलांची आजारपणं, मुलांची शिक्षणं, तिनं पुन्हा शिकायचं ठरवलं तर तेही, सगळं त्या दोनशे चाळीस ओळींच्या सावलीत जाणार असतं. त्यांना आकडा सांगायला आपण कचरतो, कारण आकडा ऐकून कुणी "नको" म्हणेल ही भीती असते. ती भीती असते म्हणूनच तो सांगायला हवा.

हे मी वरून बोलत नाही. २००६ साली मी नाशिकला छोटा फ्लॅट घेतला. दर बदलता होता. पुढच्या दोन वर्षांत व्याजदर चढत गेले, माझा हप्ता मात्र होता तेवढाच राहिला, आणि मी निश्चिंत होतो. बँकेचं नाव घेण्यात अर्थ नाही. तेव्हा सगळीकडं हीच रीत होती. हप्ता तोच ठेवून मुदत मागच्या मागं वाढवली गेली होती. मला कळलं ते एका उताऱ्यावरून, आणि कळल्यावरही मी ते पत्नीला लगेच सांगितलं नाही. सांगितलं तेव्हा ती एवढंच म्हणाली, "माझ्याही पगारातून जातात ना ते?" मुदतीत वाढलेली ती चार वर्षं मी तिला न विचारता खर्च केली होती, हे मला त्या वाक्यानं कळलं.

हाच प्रकार अलीकडं फार मोठ्या प्रमाणावर घडला. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेनं रेपो दर चार टक्क्यांवरून साडेसहावर नेला. महागाई रोखायला ते करावं लागलं असेल, त्या वादात मी पडत नाही. पण पावणेसात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी पंचवीस लाख घेतलेल्याचा हप्ता सुमारे १९,००९ रुपये होता. दर सव्वानऊ झाला की तेवढ्याच रकमेवरचं महिन्याचं व्याज होतं १९,२७१. म्हणजे हप्त्यातून व्याजही पुरतं भागत नाही. अशा खात्यांची मुदत कर्जदार निवृत्त होण्याच्या पलीकडं सरकली, आणि अनेकांना ते कुणी समोर बसवून सांगितलं नाही. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं आदेश काढला: दर बदलला तर हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होतो ते कर्जदाराला कळवायचं, आणि हप्ता वाढवायचा की मुदत, की दोन्ही थोडं थोडं, हे त्याला निवडू द्यायचं. विचारून करा, एवढंच तो आदेश म्हणतो. एवढ्यासाठी आदेश लागावा, याचं मला वाईट वाटतं.

व्याज किती असावं, ही चिंता आपल्या मातीत जुनी आहे. दामदुपट हा शब्द आपल्या आजोबांना माहीत होता: एका वेळी वसूल करायचं थकलेलं व्याज मुद्दलापेक्षा जास्त होता कामा नये. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकरी उठले, ते सावकारांकडची खतं, रोखे हिसकावून जाळण्यासाठी. धान्य, दागिन्यांपेक्षा कागदावर त्यांचा राग होता, कारण जे त्यांना वाचता येत नव्हतं त्यावर त्यांचे अंगठे होते. त्यातून पुढं १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा आला. आजचं गृहकर्ज सावकारी नव्हे, हे मी स्पष्ट म्हणतो. बँकेमुळं नोकरदाराला तिशीत घर मिळतं, आणि नियमित भरलेल्या हप्त्यांना दामदुपटीचा नियम लागूही पडत नाही. तरीही पंचवीस लाखांवर सत्तावीस लाख व्याज हा आकडा ऐकून त्या मुलीला जो धक्का बसला, तो अडाणीपणाचा नव्हता. मुद्दलापेक्षा व्याज मोठं होऊ नये, ही समजूत तिच्याकडं पिढ्यांमधून आलेली होती.

सुप्याच्या लोकांजवळ नव्हतं ते आज आपल्याजवळ आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत मुख्य माहिती पत्रक द्यावं लागतं. त्यात शुल्कासकट वार्षिक खरा दर असतो, एकूण व्याज असतं, एकूण परतफेड असते. आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावं, त्याला समजावून सांगावं, असा नियम आहे. अमेरिकेत असा कायदा १९६८ सालीच झाला. आपल्याकडं उशिरा का होईना आला. दिंडोरीतल्या माणसानं मराठीत पत्रक मागणं हा हट्ट नाही, त्याचा हक्क आहे. त्या फाईलमध्येही पत्रक होतं, इंग्रजीत, आणि त्यावर "समजलं" म्हणून दोघांच्या सह्या होत्या. कर्जाच्या विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवलेला होता, म्हणजे त्यावरही वीस वर्षं व्याज. तेही त्या दिवशीच कळलं.

मग आम्ही चौघं नव्या फरशीवर सतरंजी टाकून बसलो. बदलत्या दराच्या गृहकर्जात वैयक्तिक कर्जदारानं मुदतीआधी पैसे भरले तर दंड लागत नाही, हे मी सांगितलं. द्राक्षाचा पैसा वर्षातून एकदा येतो हा अडसर वाटतो, पण इथं तोच उपयोगी पडू शकतो. दर वर्षी हंगामानंतर एक जादा हप्ता भरला तर हे कर्ज मुदतीच्या तीन वर्षांहून थोडं जास्त आधी संपतं आणि पाच लाखांवर व्याज वाचतं. दर उतरले तेव्हाही, जसे २०२५ मध्ये रेपो साडेसहावरून सव्वापाचवर आला, हप्ता तोच ठेवला तर फायदा वर्षांमध्ये मिळतो. ज्या वर्षी गारपीट होईल त्या वर्षी जादा काही भरायचं नाही. उलट सहा हप्त्यांची रक्कम आधीच बाजूला असायला हवी, हे वडिलांनी सुचवलं. मुलगा म्हणाला, मग यंदा वरच्या मजल्याच्या सळया टाकायच्या थांबवू. त्याची बायको म्हणाली, "थांबवूच." हा त्या घरातला तिचा पहिला आर्थिक निर्णय असेल असं मी म्हणणार नाही, पण पूर्ण आकडा माहीत असताना घेतलेला तो पहिला होता.

एप्रिलच्या सुरुवातीला त्याचा फोन आला. माल बरा निघाला, भाव मध्यम मिळाला, व्यापाऱ्यानं थोडं अडकवून का होईना पैसे दिले. एक जादा हप्ता भरायला ते शाखेत गेले होते. तिथं सांगण्यात आलं की अर्ज लिहून दिला नाही तर हप्ता कमी करून मुदत तशीच ठेवली जाईल. मग तिथल्याच बाकावर बसून तिनं अर्ज लिहिला. त्याचा फोटो त्यानं मला पाठवला. वहीच्या पानावर, स्वच्छ मराठीत: "हप्ता आहे तेवढाच ठेवावा, मुदत कमी करावी." खाली दोन सह्या आहेत. वरची तिची.