गंगाधरपंतांच्या खिशातले पान

जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत बखरीचे एक फाटके पान आहे. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे ट्रकची धडक बसल्यावर ज्या जगात जाऊन पडतात, तिथे पानिपतावर मराठे अब्दालीविरुद्ध जिंकलेले असतात. मुंबईच्या टाउन हॉलमधल्या ग्रंथालयात ते स्वतःच लिहिलेल्या इतिहासाचे खंड उघडतात. पाचव्या खंडात वाट फुटलेली दिसते. मग ते भाऊसाहेबांची बखर काढून पाहतात. आपल्या जगात पेशव्यांचे पुत्र विश्वासराव यांना त्या लढाईत गोळी लागली. तिथल्या बखरीत ती कानाजवळून निघून गेलेली असते. पंत परत येतात तेव्हा ती बखर हरवलेली असते, पण तिचे एक पान खिशात उरते.

काळाशी खेळणाऱ्या कल्पित वस्तूंमध्ये हे पान मला सर्वांत मोलाचे वाटते. वेल्सचे १८९५ सालचे कालयंत्र घ्या किंवा हॅरी पॉटरच्या गोष्टीतले, फिरवले की काही तास मागे नेणारे वाळूचे घड्याळ घ्या, ती साधने आहेत. हाताशी आली की माणूस काहीतरी दुरुस्त करायला निघतो. पानाने काहीच दुरुस्त होत नाही. पंत ते आपले मित्र राजेंद्र देशपांडे यांच्यापुढे ठेवू शकतात, एवढेच. आणि ज्या जगातून ते पान आले, तिथे पंतांना जागाही नसते. आझाद मैदानावरच्या सभेत अध्यक्षाची रिकामी खुर्ची पाहून ते भाषणाला उभे राहतात आणि श्रोते त्यांच्यावर धावून जातात. अडीचशे वर्षे ज्या पराभवाची सल आपण उराशी बाळगली, त्या पराभवाच्या जागी विजय ठेवूनही लेखकाने वाचकाला तिथे मुक्काम करू दिला नाही. या संयमाबद्दल मला नारळीकरांविषयी फार आदर वाटतो.

तरीही या पानाशी माझे भांडण आहे. ते सगळा भार एका गोळीवर टाकते. देशपांडे त्याची उपपत्ती सांगतात: कॅटॅस्ट्रॉफी सिद्धांतानुसार काही क्षण इतके नाजूक असतात की क्षुल्लक फरकाने पारडे फिरते. १४ जानेवारी १७६१ ची दुपार तशी होती, हे मान्य. मराठ्यांकडच्या इब्राहिमखान गारद्याच्या तोफा आणि पायदळाने सकाळी अब्दालीच्या बाजूच्या रोहिल्यांची फळी मोडत आणली होती. मग विश्वासराव पडले, मराठ्यांचे सेनापती भाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर बसले, अंबारी रिकामी दिसली आणि फौजेचा धीर सुटला. पण अंबारी रिकामी दिसली म्हणून प्रत्येक फौज मोडतेच असे नाही. धट्टीकट्टी, पोटभर जेवलेली फौज एखादा सरदार पडल्यावर त्वेषाने लढल्याचेही दाखले आहेत. ही फौज उपाशी होती. दोन महिन्यांहून अधिक काळ पानिपतच्या छावणीत ती कोंडली गेली होती, आणि तिच्या गराड्यात बायकामुले, यात्रेकरू, बाजारबुणगे अशी प्रचंड गर्दी होती. जनावरे चाऱ्यावाचून मेली. मरायचे तर लढून मरू, म्हणून ती त्या सकाळी बाहेर पडली.

नारळीकरांच्या कथेचा प्रतिवाद मला नारळीकरांच्याच संशोधनात सापडतो. १९६० च्या दशकात केंब्रिजमध्ये फ्रेड हॉइल यांच्यासोबत ते ज्या प्रश्नावर काम करत होते, तो नेमका कार्यकारणभावाचा होता. मॅक्सवेलची समीकरणे दोन तऱ्हेच्या लहरींना सारखीच मुभा देतात: विद्युतभार हलल्यावर दूरच्या ठिकाणी पोहोचणाऱ्या, आणि तो हलण्याआधीच तिथे पोहोचलेल्या. दुसऱ्या प्रकारच्या लहरी आपल्याला कधीच आढळत नाहीत. व्हीलर आणि फाइनमन यांनी १९४५ मध्ये त्याचे कारण असे मांडले की, विश्वातल्या बाकीच्या सगळ्या भारांचा एकत्रित प्रतिसाद त्या लहरींना खोडून टाकतो. हॉइल आणि नारळीकर यांनी हा विचार प्रसरण पावणाऱ्या विश्वाला लावून पाहिला. आधी कारण आणि मग परिणाम हा आपल्याला इतका साधा वाटणारा क्रम त्यांच्या मांडणीत सबंध विश्वाच्या घडणीवर, पुढे जाणारा प्रकाश कुठे आणि किती शोषला जातो यावर अवलंबून ठरतो. इथला एक कण कसा वागेल, हे एकटा तो कण ठरवत नाही.

हे गणित मांडणाऱ्या शास्त्रज्ञाची कथा मी त्याच गणिताच्या नजरेने वाचतो. विश्वासरावांना लागलेल्या गोळीला सामर्थ्य आले ते रणांगणाबाहेरच्या असंख्य गोष्टींतून. मराठ्यांबरोबर असलेला सूरजमल जाट आधीच बाजूला झाला होता. अवधचा नवाब शुजाउद्दौला अब्दालीकडे गेला होता. ऑक्टोबर १७६० मध्ये भाऊंनी कुंजपुरा जिंकून दाणागोटा मिळवला, पण फौज उत्तरेला असतानाच महिनाअखेरीस अब्दालीने बागपतजवळ यमुना ओलांडली आणि मराठ्यांचा दिल्लीकडचा रस्ता बंद केला. दुआबातून अब्दालीची रसद तोडणारे आणि भाऊंना पैसा-धान्य पुरवण्याची जबाबदारी असलेले गोविंदपंत बुंदेले डिसेंबरात मारले गेले. यातले काहीही त्या दुपारच्या नाजूक क्षणात बसत नाही. पण हे वगळले, तर तो क्षण नाजूक का झाला याचे उत्तरच मिळत नाही.

गोळीची गोष्ट आपल्याला जवळची वाटते, कारण ती कोणालाच दोष देत नाही. तिळभर फरक म्हणजे नशीब, आणि नशिबापुढे कोणाचे काय चालणार? नदीचा उतार राखायचा राहून गेला, जाटाला दुखावले, एवढा मोठा कबिला बरोबर घेऊन मोहीम काढली, हे सगळे मात्र माणसांचे निर्णय होते. ते वेगळे घेता आले असते. त्यांच्याकडे पाहताना जो त्रास होतो, तो गोळीकडे पाहताना होत नाही.

म्हणून पंतांच्या खिशात मी दुसऱ्या जगाच्या हिशेबाच्या वहीतले पान ठेवले असते, डिसेंबर १७६० मधले: इतके उंट धान्य छावणीत पोहोचले, इतकी घोडी जगली. त्या जगात विश्वासरावांना गोळी लागली तरी चालेल, भाऊ हत्तीवरून उतरले तरी चालेल. त्या दुपारी फौज टिकते की मोडते, हे मला तिथे पाहायचे आहे.