उपद्रव आणि अपराध

उपद्रव म्हणजे अपराध नव्हे. कायद्याच्या व्यवसायात हा भेद आम्हांस पदोपदी करावा लागतो. व्यवहारात मात्र त्याचा विसर किती सहज पडतो, हे एका इवल्याशा बेडकाच्या कथेवरून दिसून येते.

कॅरिबियन समुद्रातील पोर्तो रिको हे बेट कोकी नावाच्या बेडकाचे मूळ घर होय. लांबी जेमतेम दीड इंच, रंग तपकिरी. रात्र पडली की नर 'को-की' असा साद घालतो. त्यावरूनच त्याचे हे नाव पडले. त्यातील 'को' इतर नरांना दूर राहण्याची ताकीद देतो, तर 'की' मादीस बोलावतो. मादी अंडी घालते ती पाण्यात नव्हे, पानांच्या आडोशाला. त्यांची राखण बाप करतो आणि अंड्यातून थेट चिमुकला बेडूकच बाहेर येतो. तेथील लोकांस हा आवाज अंगाईसारखा प्रिय आहे. ऋग्वेदाच्या सातव्या मंडलातील मंडूकसूक्तात पावसाळ्यात ओरडणाऱ्या बेडकांस मंत्र म्हणणाऱ्या ब्राह्मणांची उपमा दिली आहे. ते सूक्त ज्यांच्या परिचयाचे आहे, त्या आमच्या वाचकांस हे प्रेम अनाकलनीय वाटणार नाही.

हाच कोकी १९८० नंतरच्या दशकाच्या अखेरीस रोपवाटिकांच्या कुंड्यांतून पॅसिफिक महासागरातील हवाई बेटांवर पोहोचला. पोर्तो रिको व हवाई ही दोन्ही १८९८ साली अमेरिकेच्या अंमलाखाली आली. म्हणजे निशाण तेच, पण न्याय उलटा. हवाईत मूळचा एकही बेडूक नव्हता, बेडूक खाणारे सापही नव्हते. कोकीची संख्या बेसुमार वाढली. अर्ध्या मीटरवरून मोजल्यास त्याचा आवाज सुमारे ९० डेसिबल भरतो. लोकांची झोप उडाली, रोपांच्या व्यापारास झळ पोहोचली, आणि सरकारने त्यास उपद्रवी प्राणी ठरविले. २००१ साली कॅफिनच्या फवाऱ्यास तातडीची परवानगी मिळाली. पुढे सायट्रिक आम्ल आणि चुना यांचेही फवारे मारण्यात आले.

आता प्रश्न असा, की हा वध धर्म्य आहे काय?

काही सज्जन म्हणतील, जीव तो जीव, त्यास राहू द्यावे. या भूतदयेचा आम्ही आदर करतो. तथापि ती अपुरी आहे. कोकीचे भक्ष्य होणाऱ्या कीटकांत जगात अन्यत्र कोठेही न आढळणारे कीटक आहेत. त्यांना 'को-की' म्हणता येत नाही, एवढ्यावरून त्यांचा जगण्याचा हक्क बुडत नाही. ज्याचा आवाज ऐकू येतो त्याच्यापुरतीच अहिंसा पाळणे ही दया नव्हे, पक्षपात होय. हात बांधून स्वस्थ बसणे हेही एक कृत्यच आहे आणि त्याचेही बळी पडतात.

तरीही दुसऱ्या पक्षाची भाषा आम्हांस मान्य नाही. कोकीस 'आक्रमक' आणि 'गुन्हेगार' म्हणणे म्हणजे ज्यास हेतूच नाही त्यास आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करणे होय. आमच्या दंडविधानात सात वर्षांखालील बालकाचे कृत्य अपराध ठरत नाही. मग कुंडीतील मातीबरोबर नेलेल्या बेडकाने कोणता अपराध केला? समुद्र त्याने ओलांडला नाही. त्यास ओलांडविला तो माणसाच्या व्यापाराने.

हा केवळ शब्दांचा खेळ नव्हे. शिक्षा म्हणून मारले, की अपराधी मेला आणि खटला संपला. रक्षण म्हणून मारावे लागले, तर मारणाऱ्यावर तीन बंधने येतात. वेदना शक्य तितकी कमी असावी. मारण्यात मौज वा सूड नसावा. आणि ज्या वाटेने हा जीव आला, ती वाट प्रथम बंद व्हावी. रोपे बाहेर धाडण्यापूर्वी गरम पाण्याची प्रक्रिया करून त्यांतील बेडूक व अंडी नष्ट करता येतात. त्याचा खर्च व्यापाऱ्याने सोसणे हे उपकार नव्हे, प्रायश्चित्त होय.

त्याच प्रायश्चित्ताचे दुसरे अंग पोर्तो रिकोत आहे. कोकीचाच सगोत्र असा सोनेरी कोकी, जो अंडी न घालता पिल्लांस जन्म देई, तो १९८१ नंतर कोणाच्या दृष्टीस पडलेला नाही. एका बेटावर नको इतके, दुसऱ्या बेटावर शोधूनही नाही.

आमचा निर्णय इतकाच: हवाईत कोकीस आवरणे हे कर्तव्य असू शकेल; पण त्यास दोषी ठरविण्याचा अधिकार, ज्याने त्यास तेथे नेले, त्या मानवास नाही.