चित्र कोणाचें?

भिंतीवरील तसबीर पाहून लहान मूल विचारतें, ‘हें चित्र कोणाचें?’ आपली षष्ठी विभक्ति मोठी उदार आहे. या एका प्रश्नांत तीन प्रश्न सामावलेले असतात : चित्रांत कोण आहे, तें काढलें कोणीं, आणि तें कोणाच्या मालकीचें? व्यवहारांत तिसऱ्या प्रश्नाला मान मिळतो. नीतीच्या दृष्टीनें पहिला प्रश्न अधिक महत्त्वाचा आहे, असें आम्हांस वाटतें.

लंडनच्या टेट कलासंग्रहालयानें २००७ सालीं टॉमस डॅनियल याचें एक भव्य तैलचित्र विकत घेतलें. पुणें दरबारांतील इंग्रज वकील चार्ल्स मॅलेट १७९० सालीं सवाई माधवराव पेशव्यांशीं तह करीत आहे, हा त्याचा विषय. पेशव्यांचें वय तेव्हां सोळा वर्षांचें होतें. चित्राची पूर्वतयारी मॅलेटच्या आश्रयाखालीं जेम्स वेल्स या स्कॉटिश चित्रकारानें केली होती. १७९५ च्या ऑक्टोबरांत माधवराव शनिवारवाड्यांत उंचावरून पडून वारले. पुढच्याच महिन्यांत, कान्हेरीच्या लेण्यांच्या चित्रणांत गुंतला असतां, वेल्सही साष्टींत मरण पावला. त्याच्या कन्येशीं मॅलेटनें पुढें विवाह केला, आणि त्याच्या रेखाटनांवरून डॅनियलनें १८०५ सालीं चित्र पुरें केलें. त्याच्या इंग्रजी नांवांत आरंभीं मॅलेट आहे. पेशव्यांचें नांव नाहीं, केवळ पद आहे.

हें त्यांच्या जन्मापासूनचेंच दैव. पित्याच्या खुनानंतर १७७४ च्या एप्रिलांत ते जन्मले आणि चाळीस दिवसांचे असतां पेशवे झाले. त्याच वर्षअखेर इंग्रजांनीं ठाण्याचा किल्ला व साष्टी घेतली, आणि १७८२ च्या सालबाईच्या तहानें ती त्यांच्याकडेच राहिली. अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंड हीं आमचीं उपनगरें त्याच साष्टींत वसलीं आहेत. ज्या भूमीवर आम्ही घरें बांधून आहों, ती आठ वर्षांच्या एका मुलाच्या नांवें दुसऱ्यास दिली गेली. त्याला कोणीं विचारलें होतें?

कोणी म्हणेल, चित्र रीतसर विकत घेतलेलें आहे, जपलेलेंही आहे. मग तक्रार कसली? हें म्हणणें आम्हांस मान्य आहे. शिवाय तें परत मागावयाचें तर कोणासाठीं? पेशवाई १८१८ सालींच संपली. परंतु पैका देऊन पट विकत मिळतो, त्यांतील मनुष्य मिळत नाहीं. त्याच्याविषयीं धन्याचें नातें मालकाचें नसून विश्वस्ताचें असतें. आणि विश्वस्तानें जपण्याबरोबर ओळखलेंही पाहिजे.

हा धडा संग्रहालयांपुरता नाहीं. आपल्या दिवाणखान्यांतही मुलांच्या तसबिरी असतात. त्यांच्या नांवें आपण ठेवी ठेवतों, त्यांच्या नांवें शिक्षणाचे नि विवाहाचे बेत करतों, आणि तें सारें त्यांच्या हितासाठींच असतें. नाना फडणविसांचा हेतु तरी वाईट कोठें होता? तथापि ज्याच्या नांवें सर्व कांहीं चाललें होतें, तो मुलगा त्यांत कितीसा होता, हा प्रश्न उरतोच. मुलानें ‘हें चित्र कोणाचें?’ असें विचारलें, तर आधीं त्यांतील माणसाचें नांव सांगावें. मालकाचें मागाहून सांगितलें तरी चालेल.