अवज्ञा कोणाची?

अलाहाबाद उच्च न्यायालयाचे लखनौ खंडपीठ २०१६ साली कैसरबागेतील जुन्या इमारतीतून गोमती नगरात आले, आणि आम्हां सरकारी नोकरांच्या बोलण्यात त्या वस्तीच्या नावाला एक निराळाच अर्थ चिकटला. ‘साहेब आज गोमती नगरला गेले आहेत’ असे कोणी म्हटले, की ते कोणाच्या बारशाला गेलेले नाहीत, हे शिपायालाही कळते.

केंद्राच्या नोकराला आपले गाऱ्हाणे प्रथम प्रशासकीय न्यायाधिकरणापुढे न्यावे लागते. अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा अधिकार १९८५ च्या कायद्याने त्यालाही दिलेला आहे. काही वर्षांपूर्वी मी ज्या कचेरीत होतो, तेथील एका निवृत्त शिपायाची हंगामी सेवा निवृत्तिवेतनासाठी तीन महिन्यांत हिशेबात धरावी, असा आदेश झाला. नस्ती माझ्याकडे होती. निकाल वाचून मी मनात म्हटले, म्हातारा जिंकला, बरे झाले. आणि लेखणीने लिहिले, ‘विधी शाखेचे मत घ्यावे.’ मत आले, तेव्हा लिहिले, ‘वित्त शाखेची संमती अपेक्षित आहे.’ यांतील एकही वाक्य खोटे नव्हते. तीन महिने गेले, पुढे आणखी सात गेले.

मग अवमानाची नोटीस आली. मूळ अर्जात प्रतिवादी म्हणून पदनाम असते. अवमानाच्या अर्जात माणसाचे नाव असते. जे काम दहा महिन्यांत झाले नव्हते, ते नऊ दिवसांत झाले. पैसा तोच, नियम तेच. एक नाव तेवढे नवे होते.

१९७१ चा कायदा आदेशाच्या बुद्धिपुरस्सर अवज्ञेला दिवाणी अवमान म्हणतो. या ‘बुद्धिपुरस्सर’ शब्दापाशी मी नेहमी अडतो. बुद्धी कोणाची? मी टिपणी लिहिली, शाखाधिकाऱ्यांनी सही केली, वरिष्ठांनी ‘चर्चा करावी’ असा शेरा मारला. नकार कोणीच दिला नाही, तरी नकार घडला. पदाला सदसद्विवेक नसतो, म्हणून कायदा माणूस शोधतो. त्यावाचून त्याला गत्यंतर नाही. बंगळूर महानगरपालिकेतील एका अभियंत्याच्या बढतीचा आदेश पाळला नाही, म्हणून १९९५ साली सर्वोच्च न्यायालयाने कर्नाटकचे सचिव जे. वासुदेवन यांना एक महिन्याची कैद दिली. लाकूड कापण्याच्या गिरण्यांच्या प्रकरणात महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना २००६ साली तीच शिक्षा झाली. अशा एखाद्या नस्तीच्या तळाशी माझ्यासारख्याची सुवाच्य टिपणी असेलच; तिच्या लेखकाला मात्र कोणी बोलावीत नाही.

या शस्त्राचा अतिरेकही होतो. निवृत्त न्यायाधीशांच्या सोयींसंबंधीचा आदेश पाळला नाही, म्हणून २०२३ साली अलाहाबाद उच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशच्या वित्त विभागातील दोन सचिवांना ताब्यात घेण्यास सांगितले. सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड यांच्या पीठाने ३ जानेवारी २०२४ रोजी ते आदेश रद्द केले, आणि अधिकाऱ्यांना ऊठसूट हजर होण्यास फर्मावू नये, त्यांच्या पोशाखावर टीका करू नये, असे बजावले. ते योग्यच झाले. पण ही बातमी वाचून आमच्या खोलीत जो सुटकेचा निःश्वास ऐकू आला, तो मला तितकासा निर्मळ वाटला नाही.

कारण भीतीने केलेले पालन आदेशाच्या शब्दापाशीच थांबते. भीतीने दिलेल्या पैशानेही घरात धान्य येते, हे खरे. परंतु ज्याच्यासाठी भ्यालो, तेवढ्यालाच आपण देतो. त्या शिपायाच्या मंजुरीपत्राचे शेवटचे वाक्य होते, ‘यास पूर्वोदाहरण समजू नये.’ तेही माझेच.

पत्र घेण्यास तो स्वतः आला. बाबूजी, आपल्यामुळे झाले, म्हणून त्याने हात जोडले, आणि मी ते जोडू दिले. मग त्याने विचारले, आपल्याबरोबर लागलेला, तितकीच वर्षे राबलेला एक सोबती आहे, त्याने कचेरीत साधा अर्ज दिला तर चालेल का?

मी त्याला सांगितले, वकील करायला सांगा.