सायकल आणि मर्यादेचा प्रश्न

माणसाचे बळ वाढवणारे साधन कोणत्या टप्प्यावर त्याचे धनी होऊन बसते, हा जुना तात्त्विक प्रश्न एकेकाळचे कॅथलिक धर्मगुरू आणि विचारवंत इव्हान इलिच (१९२६–२००२) यांनी सायकलच्या आधारे नव्याने उभा केला. 'एनर्जी अँड इक्विटी' या १९७४ सालच्या पुस्तकात त्यांनी असा हिशेब मांडला की, सामान्य अमेरिकन पुरुष मोटार चालवण्यात आणि तिचे हप्ते, इंधन व विमा यांसाठी राबण्यात वर्षाचे १,६०० तास खर्चून ७,५०० मैल जातो; म्हणजे त्याचा खरा वेग तासाला पाच मैलांहूनही कमी भरतो. याउलट सायकलस्वार पादचाऱ्याच्या तिप्पट-चौपट वेगाने जातो आणि तेवढ्याच अंतराला त्याला पाचव्या हिश्श्याइतकीच ऊर्जा पुरते. आसाभोवतीच्या वाटीत वंगणात बसवलेले पोलादी छर्रे घासले न जाता गोल फिरतात, त्यामुळे पायांचे बळ घर्षणात फारसे वाया जात नाही. मात्र ते बळ स्वाराचेच असल्याने वेगाची सीमाही त्याच्या देहातच राहते.

गांधीजींनी १९०९ च्या 'हिंद स्वराज्य'मध्ये रेल्वेवर घेतलेला आक्षेप याच जातीचा होता, आणि इलिच यांनी १९७८ मध्ये सेवाग्रामच्या बापूकुटीत केलेल्या भाषणातूनही हे नाते दिसते. अपरिग्रह, म्हणजे गरजेपलीकडे काही न बाळगणे, ही दोघांच्या दृष्टीने वंचना नसून स्वातंत्र्याची पूर्वअट होती.

तथापि साधन वापरणाऱ्यापुरतीच मर्यादा पाहिली, तर हा विचार अपुरा राहतो. डनलॉप यांच्या १८८८ च्या हवा भरलेल्या टायरनंतर सायकलींचा खप वाढला, रबराची मागणी भडकली आणि राजा लिओपोल्ड दुसरा याच्या ताब्यातील काँगोत ओलीस धरून व मुडदे पाडून लोकांकडून रबर गोळा करवण्यात आले. योगसूत्रांत हिंसा तीन प्रकारची मानली आहे : कृत म्हणजे स्वतः केलेली, कारित म्हणजे दुसऱ्याकरवी करवलेली आणि अनुमोदित म्हणजे संमती दिलेली. या कसोटीवर युरोपातील निरुपद्रवी सायकलस्वारही सर्वस्वी निर्दोष ठरत नाही.

म्हणून सायकलचे नैतिक आकर्षण तिच्या निष्पापपणात शोधता येत नाही. मोटारीची गुलामी, इलिच यांच्या मते, तिच्या वापरातूनच उपजते. सायकलला चिकटलेली हिंसा मात्र कच्चा माल मिळवण्याच्या पद्धतीत होती आणि ती पद्धत बदलता येण्याजोगी होती. मर्यादेचे व्रत वापरणाऱ्यापाशी न थांबता साधन घडवणाऱ्या हातांपर्यंत पोहोचले, तरच त्याला धर्म म्हणता येईल.