सात सभासदांची शाळा

सोलापूरच्या हरिभाई देवकरण प्रशालेवर नाव इथल्या देणगीदार घराण्याचं, कारभार मात्र पुण्याच्या शिक्षण प्रसारक मंडळीचा. नाव एकाचं आणि ताबा दुसऱ्याचा असू शकतो, हे या शहराला नवं नाही. तरीही एखाद्या शाळेचा संस्थापक गेला आणि मुला-पुतण्यांत जुंपली, की आपण विचारतो, खरा वारस कोण? प्रश्नच चुकतो. देवस्थानाच्या शेबायतीचा, म्हणजे देवाच्या सेवेचा आणि व्यवस्थापनाचा, हक्क वारशाने मिळू शकतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९५१ साली अंगूरबाला मलिक खटल्यात मान्य केलं. शाळेच्या सचिवपदाला तसा आधार नाही. शाळा हा सार्वजनिक न्यास. सचिवाचा मुलगा सचिव होतो तो संस्थेच्या घटनेप्रमाणे झालेल्या निवडीने, जन्माने नाही.

मग भांडण कशाचं? सहीचं. अनुदानित शाळेत पगार शासन देतं, पण नेमणुकीचा आदेश संस्था काढते. त्या आदेशाची किंमत किती, हे जिल्ह्यातल्या कोणत्याही डीएड झालेल्या मुलाला विचारावं. दुसरी गोष्ट जागेची. एके काळी गावाबाहेर स्वस्तात घेतलेलं पटांगण आज भर वस्तीत आलेलं असतं. गिरण्या बंद पडल्यावर जमिनीकडे कसे डोळे लागतात, हे सोलापूरकरांना सांगायला नको. न्यासाची जागा विकायला सार्वजनिक न्यास कायद्याच्या कलम ३६ खाली धर्मादाय आयुक्तांची पूर्वपरवानगी लागते. पण त्या अर्जावरही विश्वस्ताचीच सही लागते.

मला दोष वारसांपेक्षा संस्थापकाचा जास्त वाटतो. १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याने संस्था नोंदवायला सात माणसं पुरतात. बायको, दोन भाऊ, मेहुणा, व्याही, जुने दिवाणजी आणि स्वतः. झाले सात. पुढे शाळेतून हजारो मुलं शिकून बाहेर पडली, तरी सभासदांच्या यादीत त्यांतल्या एकाचंही नाव चढत नाही. समाजाला शाळा दिली खरी, पण किल्ली घरातल्या खुंटीवरच राहिली. हयातीत हे सोयीचं असतं. ठराव जेवता जेवता होतात, वहीत सह्या नंतर घेतल्या जातात.

तो गेल्यावर हीच वही कोर्टात जाते. थोरला सभा बोलावतो, धाकटा त्याच तारखेला दुसरी. न्यास कायद्याच्या कलम २२ खाली दोघांचे दोन फेरफार अहवाल धर्मादाय कार्यालयात पडतात आणि विश्वस्तांची नोंद असलेल्या परिशिष्ट एकवर मेलेल्यांची नावं तशीच राहतात. चौकशी, अपील, जिल्हा न्यायालय, मग उच्च न्यायालय. इतक्या काळात पाचवीतली पोरं दहावी होऊन जातात. दोन सचिव दोन नेमणुका करतात. शिक्षणाधिकारी वैयक्तिक मान्यता रोखतात. मान्यता नाही म्हणून पगारासाठी लागणारा शालार्थ आयडी नाही, आयडी नाही म्हणून पगार नाही. मुख्याध्यापक वर्षानुवर्षे प्रभारी.

मोठ्या संस्थाही यातून सुटल्या नाहीत. वालचंद हिराचंद सोलापुरात जन्मले. सांगलीत १९४७ साली सुरू झालेल्या अभियांत्रिकी महाविद्यालयाला पुढे देणगीनंतर त्यांचं नाव मिळालं. त्याच महाविद्यालयाच्या ताब्यावरून स्थापन करणारी एमटीई सोसायटी आणि वालचंद घराण्यातले अजित गुलाबचंद यांचा वाद न्यायालयात गेला. बाबासाहेबांनी १९४५ मध्ये स्थापन केलेल्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीच्या अध्यक्षपदावर नातू आनंदराज आंबेडकर आणि रामदास आठवले या दोघांनीही दावा सांगितला. एकाकडे रक्त, दुसऱ्याकडे अनुयायित्व.

घराणं हटवलं की सगळं सुरळीत होतं, असंही नाही. डेक्कन एज्युकेशन सोसायटीत वारसाचा प्रश्नच नव्हता, तिथे आजीव सभासद होते. तरी टिळक १८९० मध्ये बाहेर पडलेच. निवडणुकीच्या संस्थांत पॅनेल येतात, जात येते. उलट एखादी सून रोज सकाळी फाटकापाशी उभी राहून उशिरा येणाऱ्यांना हटकते, तेव्हा शाळा चालते ती त्या घरामुळेच. म्हणून मी घराण्याला हाकला म्हणत नाही. यादी उघडा म्हणतो. माजी विद्यार्थी, पालक, निवृत्त शिक्षक यांना मतासह सभासद करा, आणि तेही संस्थापक जिवंत असताना. तो गेल्यावर घटनादुरुस्तीचा ठरावसुद्धा वादात अडकतो. न्यास कायद्याच्या कलम ५० अ खाली कारभाराची योजना आखून घेता येते, पण तोवर दोन्ही बाजूंचे वकील ठरलेले असतात.

शेवटी पुष्कळदा तडजोड होते, आणि मला तिचीच जास्त भीती वाटते. सार्वजनिक न्यासाची वाटणी कायद्यात बसत नाही, म्हणून कुणीतरी नवी संस्था नोंदवतो आणि शाखा हळूहळू तिकडे सरकवतो. इंग्रजी माध्यमाची फी येते, ती दोघांनाही हवी असते. मराठी माध्यमाच्या रोडावलेल्या तुकड्या मात्र आपल्या वाट्याला याव्यात, असं दोघांपैकी कुणीच म्हणत नाही.