श्रद्धेवर पहारा बसविता येतो काय?



मराठीत ‘ख्रिस्तपुराण’ रचणारे फादर थॉमस स्टीफन्स हे मूळचे इंग्रज होते, हे आपल्यापैकी किती जणांस ठाऊक आहे? त्यांच्या काळी इंग्लंडमध्ये कॅथलिक माणसाला उघडपणे आपला धर्म पाळता येत नव्हता. ते रोमला गेले, जेझुइट संघात शिरले आणि १५७९ साली गोव्यास आले. मागे राहिलेल्यांचे काय झाले ते पाहा. एडमंड कँपियन या जेझुइट पाद्र्याला १५८१ साली लंडनमध्ये फाशी दिले. १५८५ साली कायदा झाला, की परदेशात दीक्षा घेतलेला कॅथलिक पाद्री इंग्लंडमध्ये सापडला तर तो राजद्रोही, आणि त्याला आसरा देणाराही मरणास पात्र.

यॉर्क शहरातील मार्गारेट क्लिदरो या खाटकाच्या बायकोने पाद्र्यांना घरात लपविले. न्यायालयात तिने आरोपाला उत्तर देण्यास नकार दिला, म्हणून १५८६ साली अंगावर वजने रचून तिला चिरडून मारण्यात आले. तिचा नवरा मात्र सरकारी पंथातच राहिला होता. तरी बायको चर्चला जात नाही म्हणून होणारा दंड तो भरीत असे. ज्या राज्याला दोन श्रद्धा सहन होत नव्हत्या, त्याच राज्यात एका घराला त्या सहन होत होत्या!

तेव्हा कॅथलिक तेवढे सोशिक आणि प्रॉटेस्टंट तेवढे जुलमी, असे समजावे काय? नाही. त्याच इंग्लंडमध्ये १५५५ ते १५५८ या काळात कॅथलिक राणी मेरीच्या अमलाखाली सुमारे २८० प्रॉटेस्टंटांना जिवंत जाळले होते. आणि स्टीफन्स ज्या गोव्यात आले, तेथे कॅथलिक पोर्तुगीजांनी देवळे पाडली होती आणि १५६० साली इन्क्विझिशन नावाचे धर्मन्यायालय बसविले होते. लोकांनी कुठ्ठाळीचा मंगेश नदीपलीकडे, आदिलशाहीच्या मुलखात, प्रियोळला नेला. बाटलेल्यांच्या घरांवरही या न्यायालयाची नजर होती. १७३६ च्या फर्मानाने तर अंगणात तुळस लावण्यासही त्यांना मनाई केली. हे न्यायालय १८१२ साली कायमचे बंद झाले.

एके ठिकाणी जो छळला गेला, तोच दुसरीकडे छळणारा झाला. असे का व्हावे? कारण प्रत्येकाने स्वातंत्र्य मागितले ते आपल्या श्रद्धेपुरते. आणि साधले काय? इंग्लंडात पाद्री भिंतीआडच्या चोरकप्प्यात गेला, गोव्यात देव नदीपार गेला. धाकाने श्रद्धा लपते, बदलत नाही. माणूस फक्त खोटे बोलावयास शिकतो.

आता आपल्याकडे वळू. फैजपूर-यावलकडे काय किंवा अन्यत्र काय, दीक्षा घेतलेल्या घरात म्हातारी आजी कधी खंडोबाचा टाक ट्रंकेच्या तळाशी जपून ठेवते. शिकलेला नातू म्हणतो, “हे मी आजच नदीत फेकतो.” राजाची फाशी आणि नातवाचा धाक एकसारखे नव्हेत, हे खरे. पण ‘मला सत्य कळले आहे, म्हणून तुझ्या मनावर माझी सत्ता’ हा विचार दोन्हीकडे एकच आहे.

कोणी विचारील, मग बावीस प्रतिज्ञांचे काय? त्या पाळावयाच्याच आहेत. परंतु प्रत्येक प्रतिज्ञा घेणाऱ्याने ‘मी’ म्हणून घ्यावयाची आहे. तीत ‘तू’ घालून ती दुसऱ्यावर लादता येत नाही. नवसासाठी कर्ज काढण्यास तुम्ही ठाम नकार द्या. अंगात आले म्हणून आजारी मुलाला दवाखान्याऐवजी भगताकडे नेऊ देऊ नका. तेथे दुसऱ्याचा जीव आणि घराची भाकरी पणाला लागते. पण ट्रंकेतला टाक कोणाचे काय घेतो?

सम्राट अशोकाने बाराव्या शिलालेखात बजावले आहे, की जो आपल्या पंथाच्या प्रेमापोटी दुसऱ्याच्या पंथाला हिणवितो, तो आपल्याच पंथाची हानी करतो. हातात राज्य असताना त्याने हे लिहिले.

म्हणून आजीजवळ बसा. तिला तथागतांचे चरित्र वाचून दाखवा, तिचे प्रश्न ऐका, वंदनेला तिला मानाने बसवा. ती टाक स्वतःच्या हाताने खाली ठेवील, तर ती तिची दीक्षा होईल. न ठेवील, तरी ती तुमची आजीच आहे, आणि तुमचा धम्म तिच्या ट्रंकेमुळे उणा होत नाही.